क्रांती मिळाल्यानंतरचे आयर्लंड

‘रॉकी रोड टू डब्लिन’ हा माहितीपट मी ज्यांना ज्यांना दाखवतो, त्यांच्यापैकी कोणीतरी शेवटी विचारतेच, की इंग्रजांशी इतक्या जिद्दीने लढलेली आयरिश माणसे स्वातंत्र्य मिळताच एवढी सनातनी कशी झाली. तुम्हीही विचारलेत म्हणून जरा सविस्तर लिहितो.

माझ्या मते ती मुळातच सनातनी होती. नव्या राज्यातील एक मंत्री केव्हिन ओ’हिगिन्स यांनी १९२३ मध्ये संसदेत सांगून टाकले होते, की यशस्वी क्रांती घडवणाऱ्यांमध्ये बहुधा आपणच सर्वांत सनातनी वृत्तीचे आहोत. त्यांच्या या स्पष्टपणाचे मला कौतुक वाटते. आयर्लंडमधील जमिनीचा प्रश्न, विशेषतः १९०३ च्या कायद्यानंतर, स्वातंत्र्यापूर्वीच बराचसा सुटला होता. कुळे मालक झाली होती, आणि जमिनीचे तुकडे न पडता ती एकाच मुलाकडे जावी, लग्ने उशिरा व्हावीत आणि उरलेल्या भावंडांनी बोटीने परदेश गाठावा, ही रीत या नव्या मालकांच्या सोयीची होती. कॅथलिक चर्चच्या संयमाच्या शिकवणीचा तिला भक्कम आधार मिळाला. शिवाय आयर्लंडच्या फाळणीमुळे उत्तरेतील प्रॉटेस्टंट लोक बाहेर राहिले आणि उरलेल्या राज्यात नव्वद टक्क्यांहून अधिक प्रजा कॅथलिक होती. शाळा आणि रुग्णालये बहुतांशी चर्चच्याच हाती होती.

पुढचे कायदे त्याच दिशेने गेले. १९२३ मध्ये चित्रपटांवर आणि १९२९ मध्ये पुस्तकांवर सेन्सॉर आले, १९३५ मध्ये संततिनियमनाच्या साधनांची विक्री आणि आयात बंद झाली, १९३७ च्या संविधानाने घटस्फोटाची वाटच बुजवली. यांतला एकही कायदा लंडनहून आलेला नव्हता. आयरिश भाषा रोजच्या व्यवहारातून जवळजवळ गेलेली असताना आपण इंग्रजांहून वेगळे आहोत हे दाखवायला धर्म आणि खेळ एवढेच हाताशी उरले होते. खेळांच्या बाबतीत तर गेलिक ॲथलेटिक असोसिएशन या आयरिश खेळांच्या संघटनेने सभासदांना फुटबॉल, रग्बी, क्रिकेट हे ‘परकीय’ खेळ खेळण्यास आणि पाहण्यासही मनाई केली होती. फुटबॉलचा सामना पाहिल्याबद्दल १९३८ मध्ये खुद्द राष्ट्राध्यक्ष डग्लस हाइड यांचे संघटनेचे आश्रयदातेपद काढून घेण्यात आले. ही बंदी १९७१ पर्यंत टिकली.

पीटर लेनन या डब्लिनच्या, पण पॅरिसमध्ये राहून पत्रकारिता करणाऱ्या माणसाने १९६७ मध्ये राऊल कुतार यांच्यासारखा नामवंत फ्रेंच कॅमेरामन बरोबर घेऊन हे सारे या माहितीपटात चित्रित केले. क्रांती मिळाल्यावर तिचे करायचे काय, हा त्याचा प्रश्न होता. टीका म्हणावी तर निवेदनात आहेच, परंतु खरे काम बोलणारी माणसेच करतात. शाळकरी मुले कॅमेऱ्यासमोर धर्मप्रश्नोत्तरी घडाघडा म्हणून दाखवतात, की आदमच्या पापामुळे आपली बुद्धी अंधारली आहे आणि इच्छाशक्ती दुबळी झाली आहे. क्रीडासंघटनेचा पदाधिकारी ‘परकीय’ खेळांवरील बंदीचे शांतपणे समर्थन करतो. मायकल क्लिअरी हा हसतमुख तरुण धर्मगुरू रुग्णालयात स्त्रियांना गाणे म्हणून दाखवतो आणि चर्च कामजीवनाच्या विरोधात नाही, असे पटवून देतो. घर सांभाळणाऱ्या बाईपासून त्याला अपत्य झाले होते, ही गोष्ट १९९३ मध्ये तो वारल्यानंतर उघड झाली. आज ते प्रसंग पाहताना प्रेक्षक हसतात, पण मला ते हसणे थोडे स्वस्त वाटते, कारण त्या काळच्या प्रेक्षकाला त्याच्यात दिसत असे तो चर्चचा आधुनिक, मनमोकळा चेहरा, आणि सत्ता टिकत होती ती अशाच आवडत्या माणसांमुळे.

तुमच्या प्रश्नाला जोडून आणखी एक शंका हमखास येते, की मग लोकांनी विरोध का केला नाही. काहींनी केला. स्त्रिया आणि मुलांसाठी मोफत आरोग्यसेवेची योजना आखणारे मंत्री नोएल ब्राउन यांना बिशपांच्या विरोधामुळे १९५१ मध्ये राजीनामा द्यावा लागला. जॉन मॅकगहर्न यांच्या कादंबरीवर १९६५ मध्ये बंदी आली आणि त्यांची शिक्षकाची नोकरीही गेली. पण ज्यांना गुदमरत होते त्यांतले पुष्कळ जण देशात राहिलेच नाहीत. १९५० च्या दशकात सुमारे ४ लाख माणसे बाहेर पडली, आणि मागे उरलेल्यांत तक्रार करणारे साहजिकच कमी झाले.

या माहितीपटावर सेन्सॉरने बंदी घातली नाही. १९६८ मध्ये तो फ्रान्समधील कान चित्रपट महोत्सवात दाखवला गेला, डब्लिनच्या एका चित्रगृहात काही आठवडे चालला आणि त्यानंतर आयरिश दूरचित्रवाणीने तो कित्येक दशके दाखवलाच नाही. त्यासाठी कोणाला कायद्याचा आधार घ्यावा लागला नाही.