भीमगडच्या जंगलात वाट शोधायचं सामान: काय ठेवलं, काय काढलं

बेळगाव जिल्ह्यातल्या खानापूर तालुक्यात जांबोटी सोडली की नेटवर्क येतंय जातंय, आणि कणकुंबी-भीमगडाकडच्या रानात शिरलं की फोन म्हणजे नुसता कॅमेरा. म्हणून यंदा फॉरेस्टवाल्यांची परमिशन हातात येईपर्यंत वाट शोधायचं सगळं सामान एकदा काढून बघितलं, कारण पाठीवरचं ओझं मलाच वाहायचं असतंय की.

पहिला विचार सॅटेलाइट कम्युनिकेटरचा, म्हणजे मोबाइल नेटवर्क नसतानाही सॅटेलाइटवरून मेसेज पाठवणाऱ्या यंत्राचा होता, परदेशी व्हिडिओंत सगळे तेच घ्या म्हणतात. पण आपल्याकडे तो दूरसंचार खात्याच्या परवानगीशिवाय बाळगता येत नाही, तसला घेऊन आलेले परदेशी पाहुणे विमानतळावर अडकलेत. विषय कटाप.

मग फोनच. ओएसएमअँड या नकाशाच्या ॲपवर खानापूर भागाचा नकाशा घरच्या वायफायवर उतरवून घेतला. जीपीएसला नेटवर्क लागत नाही, फोन सॅटेलाइटचं नुसतं ऐकतो. पण नेट नसलं आणि बराच काळ जीपीएस वापरलेलं नसलं की पहिल्यांदा जागा धरायला वेळ खातंय, म्हणून खानापुरातच मोकळ्या आभाळाखाली नकाशावरचं आपलं टिंब जागेवर आणून ठेवायचं आणि मग एअरप्लेन मोड. दाट झाडीत ते टिंब उड्या मारतंयच, त्यावर फार भरवसा नको.

दुसरी वस्तू चार्जिंगवर चालणारी नको हे माझं ठाम मत. दोन फोन नेणं म्हणजे बॅकअप नव्हे, पावसात दोन्ही एकदमच भिजतात. सर्व्हे ऑफ इंडियाचा १:५०,०००चा नकाशा, जुन्या नंबरात आपला भाग ४८-आय मध्ये येतो, २ सेंटिमीटर म्हणजे १ किलोमीटर. पाहिजे तेवढाच तुकडा छापून झिपच्या पिशवीत. सोबत साधा प्लेटचा होकायंत्र. तो फोन किंवा पॉवर बँकेशेजारी धरला की काटा सरळ भलतीकडं वळतो, घरी टेबलावर करून बघा. खऱ्या उत्तरेत आणि काट्याच्या उत्तरेत फरक आपल्याकडं साधारण एका अंशाचा, तो सोडून दिला तरी चालतंय.

बरोबर आलेले गावातले मामा मात्र हसले. "त्या मोबाइलात काय बघतासा, पाणी कुठं वाहतंय ते बघा की." बरोबरच आहे म्हणा, कणकुंबीला मलप्रभा उगवते ती पूर्वेला कृष्णेकडं जाते आणि म्हादई पश्चिमेला गोव्यात. नकाशावर दोघींच्या मधली डोंगराची धार पेन्सिलनं गडद करून घेतली की आपण कुठल्या बाजूला आहोत ते तरी कळतंय. फक्त वाट चुकली म्हणून म्हादईच्या बाजूला ओढ्याच्या कडेनं खाली उतरत जाऊ नका, सरळ धबधब्याच्या तोंडावर नेऊन सोडंल.

पॉवर बँक १०,००० एमएएचचीच नेतो, एका दिवसाला तेवढी बास. २०,०००ची आता घरी इन्व्हर्टरशेजारी पडून असते. वाटेचा एक कागद मात्र घरी बायकोकडं असतो, त्यावर परतायची वेळ आणि किती वाजेपर्यंत फोन आला नाही तर रेंजरला कळवायचं ते लिहिलेलं.