होळीतल्या पोरांचे फोटो नेटवर टाकण्याआधी

फाल्गुन आला की कॅमेरे सातपुड्याकडे वळतात. नंदुरबार जिल्ह्यातल्या काठी गावची राजवाडी होळी, धडगाव-अक्कलकुव्याकडचे होळीआधीचे भोंगऱ्या बाजार, आणि मग नेटवर अल्बमांची रांग. मोरपिसांचा टोप घातलेल्या बावा-बुध्यांच्या (होळीत सोंग घेऊन नाचणाऱ्यांच्या) बरोबरीने त्यांत लहान पोरांचे चेहरे असतात. खाली ठरलेली ओळ: ‘निरागस आदिवासी हास्य’. ज्याचं हास्य, त्याला विचारलेलं क्वचितच असतं.

विचारायचं म्हणजे एका प्रश्नात भागत नाही. फोटो काढू का, गावात दाखवू का, नेटवर टाकू का, हे तीन वेगळे प्रश्न आहेत आणि तिसरा विचारताना कॅमेऱ्याच्या पडद्यावर तोच फोटो दाखवायचा. आखाजीला (अक्षय्य तृतीयेला) झोक्यावर बसलेल्या पोरीला ‘तुना फोटो काढू का?’ असं अहिराणीत विचारलं तर खरं उत्तर मिळतं. पुस्तकी मराठीत विचारलं तर नुसती मान हलते, आणि ती मान म्हणजे होकार नव्हे. पावरी-भिली या आदिवासी बोली बोलणाऱ्या पाड्यावर दुभाषा हवाच. तो सरपंच किंवा पोलीस पाटील नसावा, त्यांच्या तोंडावर नाही म्हणणं लोकांना जड जातं. आशाताई (गावातल्या आरोग्य स्वयंसेविका) बऱ्या.

बाप ‘काढा, काढा’ म्हणत असतो आणि पोर आईच्या लुगड्याआड सरकतं. तिथे पोराचं ऐकायचं. २०२३ च्या डिजिटल व्यक्तिगत माहिती संरक्षण कायद्यात १८ वर्षांखालच्या मुलांच्या माहितीसाठी पालकांची पडताळता येईल अशी संमती मागितली आहे. पोराला स्वतःला विचारा, असं त्यात नाही. निव्वळ घरगुती वापर तर या कायद्याबाहेरच राहतो. म्हणून हा नियम आपला आपणच पाळायचा.

छापील कागदावर अंगठा घेण्यापेक्षा २०-३० सेकंदांचं ध्वनिमुद्रण चांगलं. फोटोचा क्रमांक मोठ्याने बोलायचा, तिन्ही उत्तरं रेकॉर्ड करायची. ते मुद्रण मात्र फोटोंच्या फोल्डरमध्ये ठेवू नका. त्यात नावं असतात, आणि फोल्डरची लिंक गेली की नावंही गेली.

आता फाइल. कॅमेरा अॅपच्या सेटिंगमध्ये लोकेशन आधीच बंद करा, नाहीतर पाड्याचे अक्षांश-रेखांश फोटोतच बसतात. विंडोजवर फाइलच्या प्रॉपर्टीजमधल्या डिटेल्समध्ये खाली ही माहिती काढून टाकायचा पर्याय असतो. व्हॉट्सअॅपवर साधा फोटो म्हणून पाठवला तर ही माहिती गळून पडते, पण ‘दर्जा टिकावा’ म्हणून तोच डॉक्युमेंट करून पाठवला की जशीच्या तशी जाते. नेमकं हेच सगळे करतात.

चेहरा झाकायचा तर हलका धूसर करून चालत नाही. भरीव रंगाचा चौकोन टाका आणि नवी फाइल म्हणून जतन करा. मूळ फाइलच्या माहितीत कधीकधी जुनं छोटं चित्र तसंच उरतं, तेही त्याच वेळी पुसा. शिवाय चेहरा झाकून ओळख झाकली जात नाही. गळ्यातलं ओळखपत्र, गणवेशावरचं शाळेचं नाव, मागचा आश्रमशाळेचा फलक, नंदुरबारची एमएच-३९ ची नंबरप्लेट: गावातल्या माणसाला एवढं पुरतं. फाइलच्या नावात पोराचं नाव तर नकोच. लांब बाजू १२०० पिक्सेलपर्यंत आणली की छापायजोगी प्रत तरी हातची जात नाही.

गूगल फोटोज किंवा ड्राइव्हवर ‘लिंक असेल त्याला दिसेल’ हा पर्याय गावच्या ग्रुपसाठी सोयीचा वाटतो. लिंक पुढे गेली की ग्रुप संपला. ईमेल टाकूनच वाटा, आणि अल्बममधलं लोकेशन दाखवण्याचं बटण बंद आहे ना ते पाहा.

सगळ्यात जास्त घोळ परवान्याचा. क्रिएटिव्ह कॉमन्सचा परवाना, म्हणजे आपला फोटो कुणालाही ठरलेल्या अटींवर वापरू देणारा परवाना, एकदा दिला की मागे घेता येत नाही. २००७ मध्ये टेक्सासमधल्या एका अल्पवयीन मुलीचा फ्लिकर या फोटोंच्या संकेतस्थळावरचा फोटो ऑस्ट्रेलियातल्या व्हर्जिन मोबाईल या फोन कंपनीच्या जाहिरातीत झळकला. फोटोग्राफरने दिलेला परवाना व्यापारी वापरालाही मोकळा होता, मुलीला कुणी विचारलंच नव्हतं. परवाना फोटो काढणाऱ्याच्या हक्काचा असतो, फोटोतल्या माणसाच्या संमतीचा नाही. आणि २०२४ मध्ये ह्यूमन राइट्स वॉच या मानवी हक्क संघटनेला लायन-५बी या एआयच्या प्रशिक्षणसंचात ब्राझीलमधल्या मुलांचे १७० फोटो सापडले, तेही संचाचा अगदी किरकोळ भाग चाळून. त्यांतले काही घरगुती ब्लॉगांवरचे होते.

उद्या कुणी ‘काढून टाका’ म्हणालं तर ध्वनिमुद्रणात बोललेल्या फोटो-क्रमांकांची यादी कामाला येते. ती नसेल तर शेकडो फोटोंत पोर शोधत बसावं लागतं. विकिमीडिया कॉमन्सवर (विकिपीडियाच्या मोफत चित्रसंग्रहावर) स्वतःच चढवलेला, कुठे न वापरलेला फोटो पहिल्या सात दिवसांत सहज काढून मिळतो, नंतर चर्चा लागते. गूगलच्या शोधातून १८ वर्षांखालच्या मुलाचा फोटो हटवायची विनंती स्वतः मूल किंवा पालक करू शकतात. अर्जात फोटोची लिंक द्यायची. शोधातून गेला तरी मूळ संकेतस्थळावर तो राहतोच, तिथल्या चालकाला वेगळं लिहावं लागतं.