मंगळवार, गुरुवार आणि आमचा बुधवार

मराठीत 'चौकशी' हा शब्द दोन निराळ्या कामांसाठी वापरतात. पोलीस करतात ती चौकशी आणि तिसऱ्या मजल्यावरच्या आजी जिन्यात गाठून करतात तीही चौकशीच. पहिलीला आपण घाबरतो आणि दुसरीला कंटाळतो. रिचर्ड ऑसमन यांची 'द थर्सडे मर्डर क्लब' ही इंग्रजी कादंबरी वाचताना मला हा शब्द सारखा आठवत राहिला, कारण या दोन चौकशांमध्ये आपण समजतो तेवढे अंतर नाही, या एका कल्पनेवर ती जवळजवळ चारशे पाने उभी आहे.

हे पुस्तक लेकीने माझ्या वाढदिवसाला पाठवले, तेव्हा मागच्या पानावरचा मजकूर वाचून मी ते कपाटात ठेवून दिले होते. माझे रहस्यकथांचे वाचन बाबूराव अर्नाळकरांवर पोसलेले. बडोद्याच्या दांडिया बाजारातल्या आमच्या जुन्या घरात झुंजार आणि काळा पहाड यांची पुस्तके वडिलांच्या उशाखालून गुपचूप माझ्या उशाखाली येत, आणि त्यांतले नायक वेषांतर करीत, पिस्तूल रोखीत, खलनायकाच्या नाकावर टिच्चून निसटून जात. ज्यांना जिना चढताना कठड्याचा आधार लागतो असे गुप्तहेर कोणाला वाचायचे असतील, असे मला वाटले होते. पुढे माझेच गुडघे बोलू लागले, गेल्या पावसाळ्यात आठवडाभर घरात बसावे लागले, आणि ते पुस्तक तीन दिवसांत संपले.

सप्टेंबर २०२० मध्ये आलेली ही ऑसमन यांची पहिलीच कादंबरी. त्याआधी ब्रिटनमध्ये लोक त्यांना दूरचित्रवाणीवरील प्रश्नमंजूषेमुळे ओळखत होते. त्यांच्या आई निवृत्तांच्या वसाहतीत राहतात, आणि तिथे जाता-येताना त्यांना ही कल्पना सुचली. कादंबरीतली वसाहत केंट परगण्यात, एका जुन्या ख्रिस्ती मठाच्या आवारात आहे. तिचे नाव कूपर्स चेस. तिथे दर गुरुवारी चौघे जण जमतात : पूर्वायुष्याबद्दल सोयीपुरतेच बोलणारी आणि हेरखात्यात मुरलेली एलिझाबेथ, परिचारिका म्हणून निवृत्त झालेली जॉयस, मानसोपचारतज्ज्ञ इब्राहिम आणि एके काळी संप गाजवलेला कामगारनेता रॉन. त्यांच्यातलीच एक निवृत्त पोलीस अधिकारी आता शुश्रूषागृहात बेशुद्धावस्थेत पडून आहे. तिने आणलेल्या, उलगडा न झालेल्या खटल्यांच्या जुन्या फायली हे लोक चाळत बसतात. कलेचा इतिहास आणि फ्रेंच संभाषण या दोन वर्गांच्या मधली वेळ त्यांनी धरलेली असते, आणि कोणी डोकावू नये म्हणून नोंदवहीत विषय लिहिलेला असतो 'जपानी ऑपेरा : एक चर्चा'. मग ही वसाहत उभारण्यात हात असलेल्या एका बांधकाम-कंत्राटदाराचा खून होतो, आणि जुन्या फायलींवर समाधान मानणाऱ्या मंडळींच्या हाती ताजे प्रकरण येते. यापुढचे कथानक मी सांगणार नाही.

अशा कथांना इंग्रजीत 'कोझी' म्हणतात. 'ऊबदार रहस्यकथा' असे त्याचे भाषांतर केले तर ती सोलापुरी चादरीची जाहिरात वाटेल, म्हणून मी त्यांना मनातल्या मनात 'ओसरीवरच्या रहस्यकथा' म्हणते. रक्त फारसे दिसत नाही, गाव लहान असते, सगळे एकमेकांना ओळखतात आणि शोध घेणारा माणूस सरकारी पगारावर नसतो. या ओसरीवर सर्वांत आधी ठाण मांडून बसलेल्यांपैकी अगाथा ख्रिस्तींच्या मिस मार्पल. त्यांची पहिली कथा डिसेंबर १९२७ ची; तीत मंडळ मंगळवारचे आहे. त्या कथेतली एक बारीकशी जागा मला फार आवडते. मिस मार्पलच्याच घरात बसून मंडळ स्थापन करण्याचे ठरते, एक तरुणी हजर माणसे मोजते, पाच भरतात, सहावे कोणी हवे असे ती म्हणते. आणि ज्यांच्या घरात हे चालले आहे त्या विणत बसलेल्या बाई हसून सांगतात की मला मोजायचे राहिले. पुढे प्रत्येक कोडे त्याच सोडवतात. त्यानंतर ९३ वर्षांनी आलेल्या ऑसमन यांच्या चौघांचे भांडवलही हेच आहे. म्हाताऱ्यांना कोणी मोजत नाही, त्यामुळे त्यांच्यासमोर लोक सैल बोलतात. आणि म्हातारे जास्तच विचारू लागले तर लोक त्याला एकटेपणा समजतात, बशीत केकचा आणखी एक तुकडा घेतात आणि उत्तर देऊन टाकतात.

मी स्वतः चौतीस वर्षे टेलिफोन एक्स्चेंजमध्ये काढली, त्यांतली सुरुवातीची बरीचशी ट्रंक बोर्डावर. ऑर्डिनरी, अर्जंट आणि लायटनिंग असे ट्रंक कॉलचे तीन प्रकार होते. दुसऱ्याचे बोलणे ऐकायचे नाही हा नियम होता आणि तो आम्ही पाळतही होतो. पण कोण कोणत्या वाराला कोणत्या गावी फोन लावतो, कोणाचा आवाज क्रमांक सांगतानाच कापतो, कोण नेहमी ऑर्डिनरी मागतो आणि आज अचानक लायटनिंग मागतो आहे, एवढ्यावरून कोणाच्या घरी काय झाले असावे हे न ऐकताच कळत असे. निवृत्तीनंतर याच सवयीला घरचे लोक 'आईचा चोंबडेपणा' म्हणू लागले. कादंबरीतल्या जॉयसला तिची मुलगी काय समजते आणि वाचक काय समजतो, यातले अंतर मला म्हणूनच चांगले कळले. जॉयसची रोजनिशी मधूनमधून येते. ती बाजारहाट, कुत्रा पाळावा की नाही, कोणाचा सदरा कसा होता असे भरकटत लिहिते, आणि पुढे पन्नास पानांनी ध्यानात येते की महत्त्वाचे ते तिने त्याच भरकटीत सांगून ठेवले होते. कारागिरी म्हणून कादंबरीत मला हीच गोष्ट सर्वांत सरस वाटली.

आमच्या कारेलीबागेतल्या सोसायटीत गेल्या वर्षी एक प्रकरण घडले, ते इथे सांगितल्याशिवाय माझा मुद्दा नीट पोहोचणार नाही. बागेतल्या जास्वंदीची फुले पहाटे सहाच्या आत नाहीशी होऊ लागली. चेअरमनांनी सूचनाफलकावर कडक भाषेत कागद लावला, कॅमेरा बसवण्याची गोष्ट निघाली आणि माळ्याच्या पोरावर संशय घेतला गेला. दुपारी बाकावर बसणारे आम्ही चौघे जण : मी, रेल्वेत तिकीट तपासनीस असलेले अण्णा, औषधाच्या दुकानात आयुष्य घालवलेले एक भाई, आणि तळमजल्यावरच्या बेन, ज्यांनी चाळीस वर्षे साऱ्या गल्लीचे ब्लाउज शिवले. अण्णांनी पंधरा दिवसांची टिपणे केली, तेव्हा दिसले की फुले रोज जात नाहीत. मंगळवारी जातात आणि चतुर्थीला जातात, आणि जातात ती लालच, शेजारच्या पांढऱ्या जास्वंदीला कोणी हात लावत नाही. म्हणजे गणपती आला, आणि आमच्या सोसायटीत लाल जास्वंदीवाचून ज्यांचा गणपती अडतो ती घरे मोजून सहा. मग बेन झाडापाशी जाऊन नुसत्या उभ्या राहिल्या. खांद्याच्या वरच्या फांद्या फुलांनी लगडलेल्या आणि कमरेपासून छातीपर्यंतच्या तेवढ्या रिकाम्या, हे त्यांनी आम्हाला दाखवले. काही वेळाने त्या त्यांच्या गुजराती वळणाच्या मराठीत म्हणाल्या, "दिवाळीपासून एका बाईने तीन ब्लाउजचे उजवे मुंढे सैल करून घेतले आहेत. तिचा हात वर जात नाही."

ती बाई कोण हे आम्हा चौघांनाही तत्क्षणी कळले. सूचनाफलकावरच्या कागदाची मागणी सर्वांत मोठ्या आवाजात तिनेच केली होती. भाईंनी दुसऱ्या दिवशी चेअरमनांना गंभीरपणे सांगितले की वानरे येतात. बडोद्यात हे कोणालाही पटते. माळ्याच्या पोरावरचा आळ गेला, कॅमेऱ्याचा खर्च वाचला.

हे मी सांगितले ते आमची हुशारी मिरवण्यासाठी नव्हे. शिलाई करणाऱ्या बाईला मुंढ्यावरून जे दिसते ते ठाण्यातल्या फौजदाराला दिसणार नाही, आणि कादंबरीचा सारा डोलारा याच जाणिवेवर आहे. पहिल्याच भेटीत एलिझाबेथ जॉयसला विचारते की सुरीची अमुक जागी जखम झाली तर माणूस किती वेळात दगावेल. जॉयस न दचकता परिचारिकेच्या सवयीने उत्तर देते, आणि मंडळात तिची जागा पक्की होते. निवृत्त झालेल्या माणसाला त्याच्या कामातले कोणीतरी पुन्हा विचारते आहे, हा त्या प्रसंगातला आनंद आहे. खुनाच्या तपासापेक्षा तोच मला अधिक लक्षात राहिला.

'ओसरीवरची' म्हणून ही कादंबरी हलकीफुलकी आहे असे समजणाऱ्यांनी एलिझाबेथच्या डायरीचा प्रसंग सावकाश वाचावा. ती दोन आठवडे पुढच्या तारखेच्या पानावर स्वतःलाच एक प्रश्न लिहून ठेवते, अमक्याच्या सुनेच्या गाडीचा क्रमांक काय, अशा धर्तीचा; आणि ते पान आले की उत्तर आठवते का ते पाहते. तिच्या नवऱ्याची स्मृती हळूहळू विरत चालली आहे आणि ती हे शक्य तितके लोकांपासून लपवते आहे, हे कळल्यावर त्या प्रश्नाकडे पुन्हा पाहावे लागते. मीही हा प्रयोग सुरू केला. पहिला प्रश्न भाजीवालीच्या नातवाच्या नावाचा होता आणि मी नापास झाले. दुसऱ्या वेळी उत्तर आले, पण प्रश्न मी मुद्दाम सोपा लिहिला होता हेही आठवले.

दोष आहेत आणि ते लहान नाहीत. योगायोग फार आहेत. पोलीस अधिकारी या चौघांना जेवढी माहिती देतात तेवढी आमच्याकडे हरवलेल्या रेशनकार्डाच्या तक्रारदारालाही मिळत नाही. शेवटाकडे गुपिते इतक्या घाईने उघडी पडतात की कोणत्या मृत्यूचे दुःख करावे हे ठरवायलाही सवड राहत नाही, आणि काही अपराधांना लेखक जितक्या सहज सोडून देतो तितक्या सहज मला ते सोडता आले नाहीत. जास्वंदीच्या चोरीवर वानरांचे पांघरूण घालणे वेगळे आणि खुनावर वेगळे. शिवाय कूपर्स चेसमध्ये पैशाची काळजी असलेला म्हातारा जवळजवळ दिसत नाही. रॉनसारखा कडवा समाजवादी त्या आरामात कसा काय रमला, याचे उत्तर विनोदावर निभावून नेले आहे. २०२५ मध्ये आलेल्या चित्रपटात तर ही वसाहत इतकी भव्य दिसते की लक्ष्मीविलास राजवाड्याच्या गावात राहणारी मीसुद्धा बिचकले. आमच्या मंडळाला त्यातले इब्राहिमच आवडले, कारण ती भूमिका 'गांधी' चित्रपटात गांधीजी झालेल्या बेन किंग्जले यांनी केली आहे, आणि गुजरातेत त्यांना सर्व काही माफ असते.

आता आमच्या मंडळाविषयी. चित्रपट पाहिल्यावर आम्हीही सोसायटीच्या हॉलमध्ये आठवड्यातून एकदा रीतसर बसायचे ठरवले. गुरुवार मिळाला नाही, कारण त्या दिवशी हॉलमध्ये दत्ताची भजने असतात, मंगळवारी अण्णांचा उपास असतो आणि त्या दिवशी ते कोणाशीच धड बोलत नाहीत, म्हणून बुधवार. नोंदवहीत विषय लिहावाच लागतो. कोणीही फिरकणार नाही असा विषय शोधताना अण्णांनी सुचवले आणि मी माझ्या अक्षरात लिहिले : 'मोडी लिपी : एक परिचय'.

तीन बुधवार निर्विघ्न गेले. चौथ्या बुधवारी सी विंगमधले एक गृहस्थ आले. ते वहीपेन घेऊन आले होते, आणि सोबत प्लॅस्टिकच्या पिशवीत जपून ठेवलेला, घड्यांवर विरलेला एक कागद होता. त्यांचे पणजोबा गायकवाडांच्या नोकरीत होते, कागद त्यांच्या पेटीत सापडला, सगळा मोडीत आहे आणि घरात कोणालाच वाचता येत नाही. वर्ग सुरू झाल्याचे कळले म्हणून आलो, असे ते म्हणाले. आम्ही एकमेकांकडे पाहिले. बेननी कागद उजेडात धरला आणि कडेची टाचणीची भोके मोजली. भाईंनी शाईचा वास घेतला. अण्णांनी, कशाचे तिकीट आहे का ते पाहावे तसा, तो उलटून पाहिला. मी त्यांना बसायला खुर्ची दिली आणि विचारले, "पणजोबा नक्की कोणत्या खात्यात होते?"