खर्ज पायाशी, जवारी काचेवर

सांगली-मिरज रस्त्यावर विश्रामबागेत माझे गाड्यांच्या म्युझिक सिस्टिमचे दुकान आहे आणि या धंद्यात मला बावीस वर्षे झाली. ‘कोअॅक्सियल घेऊ की कंपोनंट’ या प्रश्नाला मी आजवर किती वेळा उत्तर दिले असेल याची गणती नाही. उत्तर मात्र ठरलेले असे. पैसे असतील तर कंपोनंट, नसतील तर कोअॅक्सियल. गेल्या एप्रिलमध्ये मिरजेच्या एका सतारमेकर चाचांनी ते उत्तर मोडीत काढले, आणि चार दिवसांनी अशी एक गोष्ट हाती लागली की ते खरोखर मोडीत निघाले की नाही, हेही मला नीट सांगता येईना.

ज्यांना हा फरक ठाऊक नाही त्यांच्यासाठी थोडक्यात सांगतो. कोअॅक्सियलमध्ये बारीक सुरांचा ट्विटर जाड सुरांच्या वूफरच्या मधोमध, त्याच चौकटीत बसवलेला असतो. कंपोनंटमध्ये वूफर दारात खाली बसतो, ट्विटर वेगळा काढून समोरच्या काचेशेजारच्या खांबावर लावतात, आणि कोणते सूर कोणाकडे जायचे ते क्रॉसओव्हर नावाची एक डबी ठरवते. ट्विटर कानाच्या उंचीवर आल्यामुळे गाणे गुडघ्यापाशी न राहता डॅशबोर्डवर उभे राहते. दारातल्या कोअॅक्सियलचा ट्विटर मात्र आपल्या नडगीकडे तोंड करून असतो, आणि बारीक सूर सरळ रेषेत जाणारे असल्यामुळे निम्मे सीटच्या कापडात मुरतात. एवढे सांगितले की गिऱ्हाईक पटकन कंपोनंटकडे वळते, आणि खरे सांगायचे तर दुकानदारालाही तेच हवे असते.

यापुढे मात्र सगळा गोंधळ आहे. बॉक्सवर साडेतीनशे वॅट छापलेले असतात आणि ते वाचूनच लोक येतात. इंजिन चालू असताना गाडीत जेमतेम चौदा व्होल्ट मिळतात; वेगळा अॅम्प्लिफायर नसेल तर चार ओहमच्या स्पीकरला स्टिरिओतून स्वच्छ अठरा-वीस वॅट मिळतात, मग स्टिरिओच्या तोंडावर ‘५० × ४’ लिहिलेले असो की आणखी काही. वॅटपेक्षा सेन्सिटिव्हिटी बघा, असे मी घसा फोडून सांगतो. एका वॅटला ९० डेसिबल देणारा स्पीकर आणि ८७ देणारा स्पीकर यांत फरक तीनचाच दिसतो, पण तो भरून काढायला दुप्पट ताकद लागते. महागडे कंपोनंट नुसत्या स्टिरिओवर लावून ‘कंपनीचेच स्पीकर मोठे वाजत होते’ म्हणत परत आलेली माणसे मी पाहिली आहेत, आणि त्यांचे म्हणणे खोटे नसते. ऊस हंगामात येणाऱ्या ट्रॅक्टरवाल्यांचा हिशेब त्या मानाने सरळ असतो. त्यांना सहा-नऊ इंची लांबट ओव्हल स्पीकर आणि वर हॉर्न हवा असतो, आणि पुढच्या गाववाल्याला आपण येत असल्याचे कळले की त्यांचे पैसे वसूल होतात.

तर त्या मंगळवारी सकाळी अकराच्या सुमारास एक छोटी हॅचबॅक दुकानासमोर थांबली. गाडी चालवणारा नातू होता आणि शेजारी सत्तरीच्या पुढचे चाचा. मुलगा पुण्यात असतो, जाता-येता गाडीत ऐकायला काहीतरी बरे हवे, एवढीच मागणी होती. मी सवयीने डेमो बोर्डाकडे हात केला. त्या बोर्डावर आठ जोड शेजारी शेजारी लावलेले आहेत आणि बटण दाबले की एकेक वाजतो. बहुतेक गिऱ्हाइके त्यातला जो सगळ्यांत मोठा वाजतो तोच सगळ्यांत चांगला समजून घेऊन जातात. चाचांनी बोर्डाकडे पाहिलेदेखील नाही.

“फळीवर तारा ताणून सतार विकत नाही बेटा आम्ही,” ते म्हणाले. “गाडीत लावा. गाडीतच ऐकतो.”

त्यांनी खिशातून पेन ड्राइव्ह काढला. त्यात गाणे नव्हते. स्वतः बनवलेल्या एका तंबोऱ्याचे चार मिनिटांचे रेकॉर्डिंग होते, पेटीच्या काळी एक पट्टीत लावलेले. म्हणजे जोडाच्या तारा साधारण १३८ हर्ट्झवर आणि खर्ज, म्हणजे सगळ्यांत खालच्या सुराची तार, त्याच्या निम्म्यावर. मिरजेच्या सतारीला आणि तंबोऱ्याला २०२४ मध्ये भौगोलिक मानांकन मिळाले तेव्हा वर्तमानपत्रांत बरेच छापून आले होते. मी ते वाचले होते आणि दुकानापासून ती गल्ली काही फार लांब नाही. पण तिथला कारागीर आपल्या दुकानात कान घेऊन येईल, असे कधी मनात आले नव्हते.

मी साडेसहा इंची कंपोनंट सुचवले. रेशमी घुमटाचा ट्विटर, रबराची कड, ९,५०० रुपये. कड रबराचीच घ्यावी हे माझे जुने मत आहे. फोमची कड आपल्या उन्हात काही वर्षांत भुगा होते. कागदी कोन, म्हणजे वूफरचा हलणारा शंकू, मला आवाजाला आवडतो, पण २०१९ च्या महापुरानंतर दुकानात आलेल्या गाड्यांची दारे उघडताना त्या कोनांचा जो लगदा हाती येत असे तो आठवला की मी मुकाट्याने प्लास्टिकच्या कोनाकडे वळतो.

फिटिंगमधल्या ज्या कामाचा मला अभिमान आहे ते म्हणजे दार. स्पीकर पुढे जेवढी हवा ढकलतो तेवढीच मागे ओढतो, आणि दाराच्या आतल्या पत्र्याला हातभर भोके असली की मागची हवा पुढच्या हवेला मिळून खर्ज खाऊन टाकते. म्हणून आम्ही आधी आतला प्लास्टिकचा पडदा काढतो, पत्रा पुसून घेतो, बाहेरच्या पत्र्यावर त्याची थरथर दाबणारी ब्युटाइलची रबरी शीट रोलरने दाबून बसवतो, मग भोके बुजवतो. पावसाचे पाणी काचेवरून दारात उतरतेच, त्याची खालची वाट मात्र मोकळी ठेवावी लागते. स्पीकर ज्यावर बसतो ती रिंग एमडीएफची, म्हणजे दाबलेल्या लाकडी भुशाची, लावली तर दोन पावसाळ्यांत फुगते, म्हणून आमच्याकडे प्लास्टिकचीच. ऑनलाइन स्पीकर मागवून ‘फक्त बसवून द्या’ म्हणणाऱ्यांना यातले काहीच नको असते, आणि बेस येत नाही म्हणून बोल मला लावतात.

चाचा खुर्ची ओढून हे सगळे बघत बसले होते. शीट लावण्याआधी त्यांनी बोटाच्या पेराने दारावर दोन ठिकाणी टकटक केली होती. लावल्यावर उठून पुन्हा त्याच दोन ठिकाणी केली.

“आता पत्रा बोलत नाही,” एवढेच म्हणाले. पंढरपूरकडून आलेला सतारीचा भोपळा ते असाच वाजवून घेत असणार.

तीन वाजता काम संपले. ट्विटर खांबाला भोक न पाडता दुहेरी टेपने चिकटवले होते. चाचा पुढच्या सीटवर बसले, काचा वर करायला लावल्या, एसीचा पंखा बंद करायला लावला, आणि ४० अंशांच्या उन्हात डोळे मिटून चार मिनिटे ऐकले. मग पुन्हा चार मिनिटे.

“आवाज छान आहे,” ते म्हणाले. “पण तंबोरा फाटला. खर्ज माझ्या पायाशी आहे आणि जवारी काचेवर. भोपळा एकच असतो ना? आणि जवारीला जागाच नाही. सगळीकडे आहे आणि कुठेच नाही.”

पहिली तक्रार मला लगेच समजली आणि ती मनाला लागली, कारण ती खरी होती. जवारी म्हणजे तार खालच्या घोडीला, म्हणजे ती टेकते त्या पट्टीला, हलकेच घासून उठणारा झणझणता नाद. तिचा खेळ खालच्या सुरापासून अगदी वर कित्येक हजार हर्ट्झपर्यंत चढत जातो, आणि आमची क्रॉसओव्हरची डबी साडेतीन हजाराच्या आसपास त्याला मधोमध कापते. खालचा तुकडा गुडघ्याशी वाजतो, वरचा डोळ्यांसमोर. सिनेमाच्या गाण्यात हे कोणाच्या लक्षात येत नाही, कारण तिथे ढोलक एकीकडून आणि बासरी दुसरीकडून आली तरी काही बिघडत नाही. तंबोऱ्यात मात्र एकच तार छेडली जाते आणि तीच उमलत वर जाते.

मी क्रॉसओव्हरवरची पिन बदलून ट्विटर तीन डेसिबलने उतरवला. चाचांनी ऐकले आणि मान हलवली. “कमी झाली. जागा नाही आली.” मग त्यांनीच विचारले, एकात एक असतो तो लावून बघता येईल का. त्याच रिंगमध्ये त्याच मापाचा कोअॅक्सियल बसतो, त्यामुळे अर्ध्या तासात ४,२०० रुपयांची जोडी लावून झाली. त्यांनी पुन्हा डोळे मिटले, आणि या वेळी मिनिटभरातच उघडले.

“थोडी दबली आहे. पण एका भोपळ्यातून येते. हेच ठेवा.”

पैसे देऊन ते गेले. पेन ड्राइव्हवरचे रेकॉर्डिंग मी त्यांना विचारून उतरवून घेतले होते. त्या दोन-तीन दिवसांत मी भेटेल त्याला ही हकिगत सांगितली, आणि सांगताना आपण काहीतरी मोठे शिकलो असा माझा थाटही होता. कंपोनंट म्हणजे थोरले आणि कोअॅक्सियल म्हणजे गरिबाचे, ही उतरंड आम्ही दुकानदारांनी रचली आहे. सगळे सूर एकाच बिंदूतून येण्याला स्वतःची किंमत आहे, वगैरे.

शनिवारी दुपारी काम नव्हते म्हणून तो उघडलेला सेट परत डब्यात भरायला बसलो. दुकानात फिटिंग करणाऱ्या पोराने तो गाडीतून काढताना तारा न सोडवता गुंडाळीच करून ठेवली होती. आताच्या पोरांचा हात चपळ आहे, नजर तेवढी नाही. पण त्या दिवशी त्याचा हा आळसच उपयोगी पडला. त्या सेटच्या ट्विटरला दोन काळ्या तारा येतात आणि प्लसच्या तारेवर केसासारखी बारीक पांढरी रेघ असते. डाव्या खांबापर्यंत तार पुरली नाही म्हणून त्याने लाल-काळी जोडतार लावली होती. टेप उलगडली, तेव्हा पांढऱ्या रेघेची तार काळीला जोडलेली निघाली. उजवीकडे सगळे बरोबर होते. म्हणजे मंगळवारी दोन ट्विटरपैकी एक पुढे ढकलत होता तेव्हा दुसरा मागे ओढत होता.

उलटे-सुलटे तपासायची आमची पद्धत पेन्सिल सेलची आहे. सेलचा प्लस स्पीकरच्या प्लसला लावला की कोन पुढे येतो. मागे गेला तर तार उलटी. ती तपासणी मी स्वतः केली होती, दोन्ही दारांत, आणि दोन्ही कोन पुढे आले होते. पण ट्विटरच्या वाटेत कपॅसिटर असतो, तो सेलचा प्रवाह अडवतो, नुसते ‘टिक्’ ऐकू येते आणि घुमट हललेला डोळ्यांना दिसत नाही. बावीस वर्षे मी ती ‘टिक्’ ऐकून पुढे गेलो आहे. पोराला मी काही बोललो नाही. बोलायला तोंड नव्हते.

‘जवारीला जागाच नाही’ ही चाचांची दुसरी तक्रार मग समजली. दोन ट्विटर एकमेकांच्या उलट वाजले की बारीक सूर मध्ये कुठे उभेच राहत नाहीत, गाडीभर पसरतात. पहिल्या वाक्याचा अर्थ मला समजला या खुशीत मी दुसरे वाक्य अलंकार म्हणून सोडून दिले होते. ते तर त्यांनी नेमके दोष दाखवल्यासारखे सांगितले होते.

त्या रात्री तार सुधारून तोच सेट माझ्या गाडीत लावला आणि तेच रेकॉर्डिंग ऐकले. जवारी डॅशबोर्डच्या वर, मधोमध, एका जागी आली. खर्ज मात्र? कधी वाटते की तोही उचलून वर आला. कधी पायाशी स्पष्ट ऐकू येतो, आणि चाचांचे बोलणे कानात बसल्यामुळे तो तिथे ऐकू येतो की खरोखर तिथे आहे, हे मला ठरवता येत नाही. दोन हजार रुपयांचा सेट विकताना जो छातीठोकपणे बोलतो, त्या माणसाला चार मिनिटांच्या तंबोऱ्यापुढे काही बोलता येईना.

रविवारी मी मिरजेला जाऊन त्यांना सगळे सांगितले. चाचा घोडीच्या पाठीवरून कानस फिरवत होते. एक हात मारायचा, तार चढवायची, खाली दोरा सरकवायचा, ऐकायचे, तार उतरवायची. माझे बोलणे होईपर्यंत हे तीनदा झाले.

“तार उलटी ते मला कसं कळणार?” ते म्हणाले. “जागा नव्हती, एवढंच कळलं.”

मी म्हणालो, कंपोनंट पुन्हा लावून देतो, पैसे नकोत, फक्त एकदा ऐका. गाडी नातू पुण्याला घेऊन गेला होता.

“गणपतीला येईल,” ते म्हणाले. “तेव्हा दोन्ही लावा. कुठला कुठे लावलाय, ते मला सांगू नका.”