आमची वाटचाल : ज्वारीच्या रानातून लग्नाच्या लॉनपर्यंत

शिरूरला घोड नदी ओलांडून नगर जिल्ह्यात (आता अहिल्यानगर म्हणायचं) शिरलं की सुप्यापर्यंत रस्त्याच्या दोन्ही अंगांना लॉनच लॉन. किल्ल्यासारख्या कमानी, कारंजी, नवरा-नवरीच्या नावाचे फ्लेक्स. आमचं लॉन त्यात दिसायचं नाही. फाट्यावरून आत वळावं लागतं, भावकीच्या रानातून जावं लागतं, ओढा ओलांडावा लागतो. लोक म्हणतात, "एवढ्या आत कशाला केलंत?" जमीन होती तिथं केलं. जमीन उचलून डांबरी रस्त्यावर आणता येत नाही.

आमचं रान म्हणजे मूळचा माळ. खाली मुरूम, वर वीतभर माती. १९७२ च्या दुष्काळात आबा, म्हणजे माझे वडील, पाझर तलावाच्या कामावर होते, दिवसभर खडी फोडायची आणि सुकडी खायची. त्याच तलावाच्या खालच्या अंगाला आमची विहीर आहे आणि आज लॉनवरच्या हजार माणसांचं पाणी तीच पुरवते. रब्बीला मालदांडी ज्वारी, थोडा हरभरा, करडई. गोठ्यात गाई, बांधावर शेळ्या. २०१२-१३ ला पाऊस असा काही रुसला की दावणीची सगळी जनावरं चारा छावणीत नेऊन बांधली. छावणीत जनावराशेजारी गोणपाट टाकून झोपताना माणूस बराच विचार करतो. दूध हा धंदा या पाण्यावर होणार नाही, हे माझं तिथंच ठरलं. आबांना पटायला वेळ लागला.

सुरुवात हुरड्यानं केली. पुण्या-चिंचवडची माणसं थंडीत हुरड्यासाठी गाड्या काढून बाहेर पडतात हे दिसत होतं, पण त्यांना मिळत होतं काय? बाजारातून पोत्यानं आणलेली कणसं गॅसच्या शेगडीवर भाजून ताटलीत. आम्ही गुळभेंडी, म्हणजे खास हुरड्याची ज्वारी, पेरली. घटस्थापनेच्या आगेमागे पहिला टप्पा, मग आठ-दहा दिवसांच्या अंतरानं पुढचे, कारण दाणा हुरड्याजोगा राहतो तो जेमतेम आठवडाभर. आज चिकात आहे म्हणून खूश व्हावं तर पुढच्या रविवारी तो दाताखाली कडक लागतो. एकदम पेरणाऱ्याचा हंगाम एका पंधरवड्यात संपतो. पाखरांचा त्रास वेगळा. हिवाळ्यात भोरड्यांचे थवे उतरले की तासाभरात कणसं मोकळी करतात. माळ्यावर गोफण घेऊन बसणारा माणूस हा आमचा पहिला पगारी नोकर. पाहुण्यांची पोरं आजही घसरगुंडी सोडून त्याच्याकडं पळतात.

आगटीबद्दल, म्हणजे हुरडा भाजायच्या खड्ड्याबद्दल, एवढंच सांगतो की जाळावर हुरडा होत नाही, हुरडा निखाऱ्यावर होतो. हातभर खड्डा, देशी गाईच्या गोवऱ्या, धूर पूर्ण जाऊ द्यायचा आणि मग कणसं दांड्यासकट आरात खोचायची. वास बदलला की काढायची आणि गरम असतानाच तळहातावर चोळायची. गार झाल्यावर कोंडा सुटत नाही. माझ्या आईचे तळवे इतके सरावलेत की ती गप्पा मारत चोळते आणि बघणाऱ्यालाच चटका बसतो. सोबत लसणाची चटणी, शेंगदाण्याची चटणी, गूळ, कवडीचं दही. हल्ली काही जण हुरड्याबरोबर पनीर टिक्का ठेवतात. ज्याची त्याची मर्जी, पण त्याला हुरडा पार्टी म्हणू नये.

लग्नाकडं आम्ही वळलो ते अण्णांमुळं. अण्णा शेजारच्या गावचे मंडपवाले. पहिल्या वर्षी सतरंज्या आणि चार काहिली त्यांनी भाडं न घेता दिल्या होत्या. "हंगाम संपल्यावर बघू," म्हणाले. हंगाम संपल्यावर हिशेबाला आले ते मोजायचा टेप घेऊनच. खळ्याच्या बाजूची सपाट जागा पावलांनी मापली, मग टेपनं मापली, मग पहार घेऊन ठिकठिकाणी ठोकत हिंडले. पहार वीतभर जाऊन टणकन थांबायची. मुरमात मांडवाचा खांब रोवायचा म्हणजे दर लग्नाला दोन माणसं दिवसभर घामाघूम. अण्णांनी त्यावर तोड काढली. लोखंडी पाइपाचे हातभर लांबीचे तुकडे ओळीनं जमिनीत काँक्रीट करून बसवले, तोंड जमिनीच्या सपाटीला, वर बाभळीची बुचं. लग्न आलं की बूच काढायचं, खांब आत सोडायचा, पाचर मारायची. जो मांडव उभा करायला दीड दिवस लागायचा तो दुपारच्या जेवणाआधी उभा राहू लागला. लग्न नसेल तेव्हा बुचं बसवून तिथंच पोरं क्रिकेट खेळतात. आर्किटेक्ट लावून केलेली लॉन्स मी खूप पाहिली, हे कुठं पाहिलं नाही. आमच्यात ठरलं ते असं : जागा, पाणी आणि वीज माझी, मांडव, खुर्च्या आणि भांडी अण्णांची, निव्वळ उरेल ते निम्मं-निम्मं. कागद केला नाही, आजही नाही. वकील मित्र ओरडतात.

मग 'मागेल त्याला शेततळे' योजनेतून शेततळं झालं, पाच खोल्या झाल्या, जुन्या गोठ्याची जेवणाची पडवी झाली. २०१७ ते २०१९ बरी गेली. करोनाचं सगळेच सांगतात, मी सांगत बसत नाही. पन्नास माणसांच्या परवानगीत जी लग्नं झाली ती आम्ही पन्नासातच केली. २०२० च्या सप्टेंबरात राज्याचं कृषी पर्यटन धोरण आलं, आम्ही नोंदणी करून घेतली. तिथवर ठीक होतं.

खरी कसोटी लागली ती २०२२-२३ च्या हंगामात. त्याच वर्षी मुख्य रस्त्यावर एक मोठं लॉन सुरू झालं. नाव घेत नाही, घ्यायची गरजही नाही, या पट्ट्यातल्या कुणालाही कळेल. एसी हॉल, वरमाला घालताना फिरणारं स्टेज, धुराचं मशीन. आधी त्यांनी आमचा आचारी नेला. त्याचं दुःख नाही, आचारी कुणाचाच नसतो. पण आचाऱ्याबरोबर आमच्या पुढच्या तारखांची माहितीही गेली. कुणाचं लग्न, कोणत्या तिथीला, किती पानं, इसार किती, हे त्याला तोंडपाठ होतं.

तुळशीची लग्नं उरकली आणि दाट तिथी सुरू झाल्या. एका हळदीच्या दिवशी सकाळी अण्णांचा टेम्पो ओढ्याच्या अलीकडंच थांबला. रस्त्यावर आडवा चर. जेसीबीनं खणलेला, कमरेइतका खोल, माती आमच्याच बाजूला टाकलेली. रान चुलत घराण्याचं. आजोबांच्या वेळची वाटणी तोंडी, रस्ता वहिवाटीचा. ज्वारीच्या बैलगाड्या तिथून आयुष्यभर गेल्या, कुणी चकार शब्द काढला नाही. चुलतभाऊ म्हणाला, "गाडीवाट दिली होती, बसवाट नव्हे." वाक्य त्याचं नव्हतं. इतकं घोटीव तो बोलत नाही, लहानपणापासून ओळखतो मी त्याला.

त्या दिवशी अण्णांनी काय केलं ते लिहून ठेवायलाच हवं. सुप्याला एका सेंट्रिंगवाल्याकडं गेले. एमआयडीसीत कुठंतरी स्लॅबचं काम चालू होतं, तिथल्या लोखंडी प्लेटा आणि गर्डर एका रात्रीसाठी मागून आणले. गर्डर चरावर आडवे, त्यावर प्लेटा, दोन्ही तोंडांना मातीची पोती. अंधार पडायच्या आत पहिली जीप पलीकडं गेली. वऱ्हाडाची बस मात्र जाईना. म्हातारी माणसं ट्रॅक्टरच्या ट्रॉलीत, बाकीचे चालत. नवरदेवाच्या मामांनी थोडी कुरबूर केली. मुलीच्या वडिलांनी हात जोडले, पण जोडलेले हात बघून मलाच मान वर करवेना. अक्षता वेळेवर पडल्या. पाण्याचे जार माणसांनी डोक्यावरून आणले.

दुसऱ्या दिवशी दुपारपर्यंत आमच्याकडं इसार दिलेल्या घरांचे फोन सुरू. "तुमचा रस्ता बंद झालाय म्हणे?" चर खणून पुरता दीड दिवस झाला नव्हता. कुणी सांगितलं विचारलं तर प्रत्येकाचं उत्तर एकच, फोन आला होता. त्यातल्या निम्म्याहून जास्त लग्नं कुठं झाली ते सांगायला नको. अगदी पत्रिका छापून झालेल्या घरांनीसुद्धा वर नवीन पत्त्याची चिठ्ठी चिकटवली.

मी सगळा इसार परत केला. रिवाजाप्रमाणं अर्धा ठेवून घेता आला असता, ठरलेली तारीख त्यांनी मोडली होती, मी नव्हे. ट्रॅक्टर विकला, आईच्या पाटल्या सोनाराकडं गेल्या. पण 'त्यांनी पैसे बुडवले' असं आमच्या नावानं कुणी म्हणू शकत नाही, आणि म्हणायचा प्रयत्न झाला नाही असंही नाही.

आता हे ज्यांना लागू पडतं त्यांनी नीट वाचा. वहिवाटीचा रस्ता अडवला तर मामलेदार न्यायालय अधिनियम, १९०६ च्या कलम ५ खाली तहसीलदारांकडं दावा दाखल करता येतो, आणि तो अडथळा झाल्यापासून सहा महिन्यांच्या आत करावा लागतो. गावात बैठका, समजूत, देवळात शपथा, यात सहा महिने कधी सरतात कळत नाही. समोरच्याला नेमकं तेच हवं असतं. जमीन महसूल संहितेचं कलम १४३ वेगळं, ते बांधावरून नवा रस्ता मागण्यासाठी. माझ्या ओळखीच्या एकानं चुकीच्या कलमाखाली अर्ज करून वर्ष घालवलं. लॉन काढायच्या विचारात असाल तर खोल्यांचे रंग आणि गेटची कमान नंतर. आधी मोजणी करा, रस्त्याची नोंद सातबाऱ्याच्या इतर हक्कांत घ्या, आणि भाऊ कितीही गोड असला तरी रुंदी फुटात लिहून घ्या. हे मला कुणी विचारलेलं नाही, तरी सांगतो.

दाव्यात स्थळपाहणी झाली, पंचनामा झाला. साक्षीला गावातल्या एक आजी आल्या, ऐंशीच्या पुढच्या. त्यांचं सासर आमच्या पलीकडच्या वस्तीवर. त्यांना विचारलं, हा रस्ता किती वर्षांचा? म्हणाल्या, "माझी वरात याच वाटंनं आली. ओढ्यात गाडीचं चाक रुतलं, तवा ह्याच्या आज्यानं बैल जुंपून काढलं," आणि बोट चुलतभावाकडं. त्याचा आजा तोच माझा आजा. चुलतभाऊ खाली बघत राहिला. अडथळा काढायचा आदेश आमच्या बाजूनं झाला. चर बुजवला तेव्हा उन्हाळ्याच्या तिथी सरत आल्या होत्या.

चुलतभावाशी आता बोलणं आहे. त्याच्या धाकट्याचा साखरपुडा आमच्याच लॉनवर झाला, भाडं पूर्ण घेतलं. चर खणायचे पैसे कुणी दिले ते त्यानं सांगितलं नाही आणि मीही विचारलं नाही.

त्यानंतर २०२४ आलं. त्या वर्षी मे-जूनमध्ये गुरू-शुक्राच्या अस्तामुळं मुहूर्तांचा दुष्काळ होता, धंद्यातल्या सगळ्यांना आठवत असेल. एसी हॉलचं वीजबिल आणि बँकेचा हप्ता पंचांग बघत नाही. आमच्यावर हप्ता नव्हता. खोल्या होत्या, शेततळं होतं, सुट्टीतली पोरं होती. आम्ही आंब्याचा रस आणि मांडे ठेवले, सुपा-रांजणगावच्या कंपन्यांच्या कामगार मंडळींच्या सहली घेतल्या. निघोजचे रांजणखळगे सकाळी, जेवण आमच्याकडं, संध्याकाळी गोठ्यात धारा. मांडे भाजायला मातीचं खापर लागतं आणि ते करणारी बाई सांभाळावी लागते, एसीपेक्षा तिचा रुसवा महाग पडतो. पाटल्या त्याच दिवाळीत सुटल्या. ट्रॅक्टर नवा घेतला, लाल रंगाचाच, आबांचा हट्ट.

डीजे आम्ही रात्री दहाला बंद करतो. कायदा आहे म्हणून, आणि गोठा शेजारी आहे म्हणूनही. दणदणाटात गाई पान्हा चोरतात. यावरून तारखा जातात, जाऊ द्यात. हलगी, संबळ आणा, आबा स्वतः पहिल्या रांगेत बसतील.

अण्णांचे गुडघे आता गेलेत. पहार मुलाच्या हातात आहे, पण खांब उभे राहिले की अण्णा खुर्ची टाकून बसतात आणि एकेका पाचरेवर काठी आपटून बघतात. निम्मं-निम्मं अजून तसंच आहे.

गेल्या दोन हिवाळ्यांपासून मुख्य रस्त्यावरच्या त्या लॉनच्या जाहिरातीत 'अस्सल गुळभेंडी हुरडा' असं छापून येतं. हुरडा आमचा असतो. त्यांचा मॅनेजर शुक्रवारी फोन करतो, शनिवारी पहाटे त्यांची पिकअप त्याच रस्त्यानं, त्याच ओढ्यावरून आत येते. भाव बाहेरच्या गिऱ्हाइकाला जो, तोच. उधारी नाही, पैसे आधी, मग कणसं गाडीत.