फ्रान्सिस मॅरियन: डब्यात गेलेले सिनेमे दुरुस्त करणारी लेखिका

फ्रान्सिस मॅरियनचं नाव निघालं की दोन ऑस्करांचा उल्लेख होतो आणि विषय तिथेच संपतो. पटकथालेखनाचं ऑस्कर मिळवणारी ती पहिली स्त्री, हे खरंच. पण तीस वर्षं ती स्टुडिओंना हवीहवीशी का वाटली, ते पुरस्कारांवरून कळत नाही. माझ्या मते तिचं खरं कसब दुरुस्तीचं होतं.

१९१५ च्या सुमारास फोर्ट ली, न्यू जर्सी इथल्या वर्ल्ड फिल्म कंपनीत ती दोन आठवडे बिनपगारी उमेदवारीवर लागली. नवी गोष्ट लिहिण्याऐवजी तिने प्रदर्शनालायक नाही म्हणून बाजूला टाकलेले सिनेमे बघितले. त्यातल्या एकाची नायिका अ‍ॅलिस ब्रेडी, म्हणजे मालकाचीच मुलगी. मेलोड्रामा इतका भडक होता की भलत्या जागी हसू यायचं. मॅरियनने मधल्या चित्रीकरणाला धक्का न लावता सुरुवातीला एक नवा प्रवेश जोडला, शेवटी एक जोडला, आणि त्याची कॉमेडी झाली. तो नऊ हजार डॉलरला विकला गेला आणि तिला आठवड्याला दोनशे डॉलरचा करार मिळाला.

मूकपटात हे जमतं, कारण पात्रांच्या तोंडचे शब्द पाट्यांवर असतात. पाटी बदलली की त्याच चेहऱ्याचा अर्थ बदलतो. पाट्या मात्र महाग पडतात. ३५ मिमी फिल्मच्या एका फुटात १६ चौकटी (फ्रेम) बसतात. सेकंदाला साधारण १६ चौकटींच्या वेगाने एक फूट म्हणजे एक सेकंद. प्रेक्षकाला शब्दामागे सेकंदभर दिला, तर वीस शब्दांची पाटी वीस फूट खाते, आणि तेवढा वेळ पडद्यावर काहीच घडत नाही. नवखे लेखक इथेच फसत. जे हातातल्या वस्तूने सांगता येतं, ते पाटीवर लिहायचं नाही.

१९१७ मध्ये मूकपटांची लाडकी नायिका मेरी पिकफर्डची ठरलेली लेखिका म्हणून तिला वर्षाला पन्नास हजार डॉलर मिळू लागले. पुढच्याच वर्षीच्या ‘स्टेला मॅरिस’मध्ये पिकफर्डच्या दोन भूमिका होत्या: लाडाकोडात वाढलेली अपंग मुलगी आणि अनाथालयातली पोर. अशी दुहेरी भूमिका तेव्हा कॅमेऱ्यातच व्हायची. भिंगाचा अर्धा भाग झाकून एक बाजू टिपायची, फिल्म मागे गुंडाळायची, मग दुसरी बाजू. मधल्या रेषेवरून हात जरी पलीकडे गेला तरी तो कापला जायचा. म्हणून दोघी समोरासमोर येतील असे प्रसंग मोजकेच ठेवावे लागत. ही काटकसर कॅमेरामनच्या आधी लिहिणाऱ्याला करावी लागते.

एमजीएम या हॉलिवूडच्या बड्या स्टुडिओत मामला वेगळा. लेखक पगारी नोकर, लिहिलेलं सगळं स्टुडिओच्या मालकीचं. निर्मितीप्रमुख आयर्विंग थॉलबर्ग एकाच पटकथेवर अनेकांना बसवायचा, कधी एकमेकांना पत्ता लागू न देता. पडद्यावर नाव कुणाचं, हेही स्टुडिओच ठरवायचा. अशा ठिकाणी दुसऱ्याचं बिघडलेलं सरळ करणारा माणूस सोन्याच्या मोलाचा.

‘द बिग हाउस’ या तुरुंगपटासाठी (१९३०) ती आधी सॅन क्वेंटिन तुरुंग बघून आली. बोलपट नवा होता. बाकीचे लेखक पानंच्या पानं संवाद लिहीत असताना इथे मोठं काम आवाजाने केलंय: कवायतीसारखी पडणारी पावलं, जेवणघरातला कल्लोळ. लेखनाचं ऑस्कर तिला मिळालं आणि ध्वनिमुद्रणाचंही याच सिनेमाला, हा मला योगायोग वाटत नाही. पण प्रदर्शनाआधी घेतलेल्या चाचणीच्या खेळात प्रेक्षक रुसले. एका कैद्याचं दुसऱ्या कैद्याच्या बायकोवर प्रेम बसतं, ते त्यांना रुचेना. उपाय म्हणून तिला त्या कैद्याच्या बायकोऐवजी त्याची बहीण केलं आणि तेवढे प्रसंग पुन्हा चित्रित केले. नातं बदललं, सांगाडा तोच राहिला. हाच धडा तिने पंधरा वर्षांपूर्वी फोर्ट लीत गिरवला होता! दुसरं ऑस्कर ‘द चॅम्प’च्या (१९३१) मूळ कथेसाठी.

नटाच्या मापाने भूमिका बेतणं हाही तिचा हातखंडा. काम मिळेनासं झालेल्या, साठीकडे झुकलेल्या मारी ड्रेस्लरसाठी तिने १९२७ मध्ये ‘द कॅलहन्स अँड द मर्फीज’ लिहिला. आयरिश संघटनांच्या निषेधामुळे तो मागे घ्यावा लागला. तीन वर्षांनी ‘अ‍ॅना ख्रिस्ती’ आला. जाहिरात सगळी मूकपटांची तारका ग्रेटा गार्बो पहिल्यांदाच पडद्यावर बोलते याची. पण दारूच्या गुत्त्यात तिच्यासमोर बसलेली ड्रेस्लर नजरेतून जात नाही. त्याच वर्षीच्या ‘मिन अँड बिल’ने ड्रेस्लरला ऑस्कर दिलं. पटकथा मॅरियनचीच.

तिचं सगळं काम तिच्या नावावर नाही. नवरा फ्रेड थॉमसन काउबॉयपटांचा नायक. त्याच्या सिनेमांसाठी ती फ्रँक एम. क्लिफ्टन या पुरुषी नावाने लिहायची. क्लिफ्टन हे त्याचंच मधलं नाव.

मार्च १९३३ मध्ये स्टुडिओंनी आठ आठवड्यांसाठी पगार निम्म्यावर आणले. पुढच्याच महिन्यात लेखकांची संघटना नव्याने उभी राहिली. अध्यक्ष जॉन हॉवर्ड लॉसन, उपाध्यक्ष मॅरियन. चांगलं कमावणारी लेखिका त्या पदावर बसते याला वजन होतं. तरीही संघटनेचा स्टुडिओंशी पहिला करार व्हायला १९४० चं दशक उजाडलं.

सप्टेंबर १९३६ मध्ये थॉलबर्ग गेला. तिचा शब्द मानणारा माणूस वरच्या खोलीत उरला नाही. १९३७ मध्ये तिने चित्रपटकथा लिहाव्यात कशा आणि विकाव्यात कशा यावर पुस्तक काढलं. शीर्षकात ‘विकाव्यात’ हा शब्द न लाजता घातलेला. १९४६ मध्ये तिने एमजीएम सोडलं आणि पुढे शिल्पं घडवण्यात रमली.