पर्ड्यूचा बास्केटबॉल सामना: गाडी नदीपलीकडेच लावा

नेपरव्हिल, ऑरोरा, शॉमबर्ग या शिकागोच्या उपनगरांतल्या मंडळींसाठी हे मुद्दाम लिहितेय. घरातलं कोणी इंडियाना राज्यातल्या पर्ड्यू विद्यापीठात शिकायला गेलं की हिवाळ्यात कधीतरी "चला, मॅकी अरीनात (तिथल्या बास्केटबॉलच्या स्टेडियमात) सामना बघू" असं निघतंच. माझा भाचा तिथे मेकॅनिकलला आहे, त्याच्या आग्रहाने आम्ही गेलो. सामना असा रंगला की आठवला तरी अजून अंगावर काटा येतो. पण निघण्याआधी व्हॉट्सअॅपवर मिळालेला सल्ला, "रविवार आहे, कॅम्पसमध्ये पार्किंग फुकट, अर्धा तास आधी पोचलं की झालं", साफ चुकीचा होता. तोच सल्ला अजूनही फिरतोय, म्हणून राहवत नाही.

मॅकीची आसनक्षमता १४,८७६ आहे, आणि वेस्ट लाफायेट हे पर्ड्यूचं गाव मुळात लहान. त्यात २०२४ साली पर्ड्यूचा संघ थेट राष्ट्रीय अंतिम सामन्यापर्यंत गेला. फायनल फोरमध्ये, म्हणजे राष्ट्रीय स्पर्धेतल्या शेवटच्या चार संघांत, पोचायला त्यांना १९८० नंतर इतकी वर्षं लागली होती. अंतिम सामन्यात कनेक्टिकटने ७५-६० ने हरवलं, पण सात फूट चार इंची झॅक एडीने गावाला जे वेड लावलं ते तो पदवी घेऊन गेल्यावरही उतरलेलं नाही. त्यामुळे पाच-सात वर्षांपूर्वी इथे शिकून गेलेल्यांचे पार्किंगचे अनुभव आता धरून चालू नका.

अरीनाजवळ पोचलं की शेजारीच रॉस-एड हे फुटबॉलचं मैदान दिसतं आणि भोवती गाड्यांसाठी मोकळ्या जागा. बघून जीव भांड्यात पडतो. तिथे वळायचं नाही. या जागा वर्गणीदारांना आधीच दिलेल्या असतात आणि तोंडाशी उभा असलेला माणूस पास विचारतो. पास नसेल तर पुढे काढतो, आणि मागे गाड्यांची रांग असल्याने थांबून विचार करायला वेळ मिळत नाही. कॅम्पसच्या बाकीच्या जागांवर ए, बी, सी अशी परमिटची अक्षरं आहेत. कोणतं अक्षर कधी खुलं, हे आठवड्याचा वार आणि सामन्याचा दिवस यावर ठरतं. गाडी आत घालण्याआधी पाटी शेवटच्या ओळीपर्यंत वाचा आणि निघायच्या दिवशी सकाळी विद्यापीठाच्या क्रीडा विभागाचं पान बघा. भाच्याच्या मित्राचं "आम्ही नेहमी लावतो" हे ऐकून गाडी लावू नका. तो रात्री नऊला लायब्ररीत जाताना लावतो, त्याचा सामन्याच्या दिवसाशी संबंध नाही.

आता ज्या गोष्टीने माझं डोकं खरंच फिरलं ती सांगते. नॉर्थवेस्टर्न अॅव्हेन्यूच्या पूर्वेला जी गल्लीबोळातली घरं आणि अपार्टमेंट आहेत, तिथे सामन्याच्या दिवशी खासगी पार्किंगच्या पाट्या लागतात. एका पाटीवर हाताएवढ्या आकड्यात १० डॉलर लिहिलेलं. आत गाडी लावली, खांबावरचा क्यूआर कोड स्कॅन केला. कोडचा स्टिकर आधीच्या एका स्टिकरवर तिरका चिकटवलेला, कडा थंडीने उचकटलेल्या. पानावर गाडीचा नंबर आणि कार्डाचा नंबर भरून झाल्यावर कळलं की ते १० डॉलर पहिल्या तासाचे. पाटीवर ते होतं म्हणे, खालच्या कडेला, बर्फाच्या थराआड. पुढच्या प्रत्येक तासाला तेवढेच, वर 'इव्हेंट' म्हणून वेगळी रक्कम, वर सेवाशुल्क. एकूण ४६ डॉलर ५० सेंट! आमच्यामागून आलेल्या एका आजोबांनी तिथल्या पोऱ्याला विचारलं तर तो म्हणाला, मी फक्त गाड्या लावून घेतो, पैशांचं मला माहीत नाही. तक्रारीचा फोन लावला तर यंत्र बोलतं. हा सरळसरळ लुबाडण्याचा धंदा आहे.

तासाच्या भावाने इथे गाडी लावणं का परवडत नाही, तेही समजून घ्या. कॉलेजच्या पुरुषांचा सामना कागदावर ४० मिनिटांचा, वीस-वीसचे दोन भाग. पण मध्ये १५ मिनिटांची विश्रांती असते, प्रत्येक भागात टीव्हीसाठी घड्याळ १६, १२, ८ आणि ४ मिनिटांखाली गेलं की खेळ थांबतो, त्यावर दोन्ही संघांचे स्वतःचे टाइमआउट आणि शेवटच्या दोन मिनिटांतले फाउल. दोन तास सहज जातात. आधीचा एक तास आणि नंतर बाहेर पडायला लागणारा वेळ धरला की चार तासांचं बिल. तेव्हा खासगी जागेत लावायचीच असेल तर एकरकमी भाव तोंडी विचारून, पाटीचा फोटो काढून मगच. तासाच्या भावाची पाटी दिसली की गाडी पुढे न्या.

दुसरा फटका वेळेचा, आणि तो शिकागोकरांनाच बसतो. वेस्ट लाफायेट ईस्टर्न वेळेवर चालतं. आय-६५ महामार्गाने दक्षिणेला जाताना जॅस्पर काउंटीपर्यंत घड्याळ शिकागोचंच असतं, व्हाइट काउंटी लागली की एक तास पुढे. तिकिटावर दुपारी १२ लिहिलंय म्हणजे आपल्याकडचे सकाळचे ११. आमच्याबरोबर निघणाऱ्या दुसऱ्या कुटुंबाने नऊला घर सोडलं, रस्ता सव्वादोन तासांचा आहे म्हणून. त्यांना पहिला भाग अजिबात मिळाला नाही. बाराच्या सामन्याला नेपरव्हिलहून आपल्या वेळेप्रमाणे साडेसातला गाडी रस्त्याला लागलीच पाहिजे. पोरं कुरकुरतील, कुरकुरू द्या.

रस्त्याबद्दल फार सांगण्यासारखं नाही. हवा स्वच्छ असेल तर १९३ नंबरच्या एक्झिटला उतरून यूएस २३१ धरा, म्हणजे कॅम्पसच्या पश्चिमेकडून शिरता येतं. बर्फ उडत असेल तर मात्र तो शेतांमधला रस्ता टाळा आणि आय-६५ न सोडता १७८ पर्यंत या. पवनचक्क्या दिसायला लागल्या की स्टीअरिंग दोन्ही हातांनी धरा, त्या तिथे उगीच उभ्या केलेल्या नाहीत. १७२ ला उतरून स्टेट रोड २६ ने येऊ नका. तो मॉल-दुकानांमधून येतो आणि सिग्नलला थांबून थांबून जीव जातो.

आणि आता माझा सल्ला, जो त्यानंतरच्या खेपेला आम्ही करून बघितला आणि आता कोणीही विचारलं तरी हाच देते. वेस्ट लाफायेटमध्ये गाडी लावायचीच नाही. वॉबॅश नदीच्या पलीकडे, लाफायेट या शेजारच्या शहराच्या डाउनटाउनमध्ये, अॅमट्रॅक रेल्वेच्या स्टेशनाच्या आसपास लावायची. तिथून जॉन मायर्स पूल फक्त पायी जाणाऱ्यांसाठी आहे. तो ओलांडला की टॅपाविंगो पार्क आणि वॉबॅश लँडिंग, आणि तिथून स्टेट स्ट्रीटने वर. सगळं मिळून दोन मैलांच्या आसपास अंतर पडतं. डाउनटाउनमध्ये आम्हाला जागा लगेच मिळाली आणि दोन आकडी रक्कम गेली नाही. पुलावर नदीचा वारा लागतो, पण तो पाच मिनिटांचा प्रश्न आहे.

खरी परीक्षा पुढे. लँडिंगपासून चॉन्सी भागापर्यंत स्टेट स्ट्रीटचा चढ आहे. उन्हाळ्यात हा चढ कोणाच्या लक्षातही येणार नाही. जानेवारीत, २० फॅरनहाइटला, फुटपाथच्या कडेला बर्फाचे ढीग आणि मधल्या भागात वितळून पुन्हा गोठलेलं पाणी असताना तो लक्षात राहतो. काच झालेला तो बर्फ पांढरा नसतो, ओल्या सिमेंटसारखाच राखाडी दिसतो. माझ्यापुढे चालणारी मुलगी काळ्या-सोनेरी जर्सीवर नुसतं स्वेटर घालून निघाली होती, तिचा पाय सरकला आणि ती रेलिंगला लोंबकळली. बुटांना ताणून बसवायच्या रबरी पट्ट्या मिळतात, खाली बारीक खिळे असलेल्या. त्या घ्या. माथ्यावर पोचून नॉर्थवेस्टर्नला उत्तरेकडे वळलात की वारा समोरून येतो आणि आडोसा म्हणून काही नाही. गळ्याभोवतीचा मफलर नाकावर ओढा आणि मान खाली घालून चाला. स्टेडियम अॅव्हेन्यूच्या कोपऱ्यावर नील आर्मस्ट्राँगचा विद्यार्थीदशेतला पुतळा बसलेला दिसला की समजा, शेवटचा टप्पा राहिला. ज्यांना रोज मैल-दोन मैल चालायची सवय आहे त्यांना या पायपिटीत काहीच अवघड नाही. पार्किंगच्या रांगेत गाडीत बसून चडफडण्यापेक्षा मी हा चढ दहा वेळा चढेन.

गुडघे दुखणारे कोणी बरोबर असतील तर त्यांना चालवू नका. सासूबाई सांगलीहून आल्या होत्या, त्यांना नवऱ्याने आर्मस्ट्राँगच्या पुतळ्यापाशी उतरवलं, भाचा तिथे आधीच येऊन थांबला होता. "मावशी, तुम्ही चालत या, आजींना मी आत नेतो," म्हणाला, आणि नवरा गाडी घेऊन नदीपलीकडे परत गेला. मात्र हे सामन्याच्या दीड तास आधी करा. शेवटच्या तासात त्या कोपऱ्यावर गाडी थांबवणं धोक्याचं आहे, मागचे भोंगे वाजवतात आणि म्हातारं माणूस घाईत उतरतं.

दारात बॅगेचा नियम कडक आहे. पारदर्शक बॅग चालते, १२ बाय ६ बाय १२ इंचांची, किंवा तळहाताएवढं पाकीट. आपली नेहमीची खांद्याची पर्स चालत नाही, आणि परत न्यायला गाडी दोन मैलांवर. पर्स घरीच ठेवा. तिकीट फोनवर असतं, आणि थंडीत बॅटरी भरभर उतरते. फोन आतल्या खिशात, अंगाला लागून ठेवा.

आत गेल्यावर मात्र सगळा शीण उतरतो. बाहेरून ती गोल इमारत बुटकी वाटते, कारण रस्त्याच्या पातळीवरून शिरलं की कोर्ट खाली खोल दिसतं. १९६७ साली ती उघडली तेव्हा पहिला सामना कॅलिफोर्नियाच्या यूसीएलए विद्यापीठाशी झाला. त्यांचे प्रशिक्षक जॉन वुडन हे पर्ड्यूचेच माजी खेळाडू, आणि यूसीएलए ७३-७१ ने जिंकली. वरचं छत आवाज गिळत नाही, परत फेकतं. 'पेंट क्रू' म्हणवणारे विद्यार्थी उभे राहून ओरडायला लागले की शेजारच्याशी बोलता येत नाही. सासूबाईंना बास्केटबॉलचा एक नियम माहीत नव्हता, दुसऱ्या भागात त्या उभ्या राहून टाळ्या पिटत होत्या. वरच्या रांगांतूनही छान दिसतं. खालच्या जागांसाठी पुनर्विक्रीचे वेडेवाकडे भाव देऊ नका, ते पैसे वाया जातात.

सामना सुटला की सगळं गाव एकदम बाहेर येतं. विसर्जनाच्या रात्री लक्ष्मी रोडवर होते तशी गर्दी, फक्त इथे प्रत्येकाला आपापली गाडी काढायची असते. पार्किंगच्या बहुमजली गॅरेजमधल्या गाड्या रॅम्पवरच दिवे लावून उभ्या असतात. चालणारे त्यांच्या शेजारून पुढे निघून जातात. लवकर निघायच्या नादात शेवटची चार मिनिटं सोडू नका, सामना तिथेच फिरतो. चढ आता उतार झालेला असतो, वारा पाठीवर असतो. उतारावर सॅलिसबरीच्या कोपऱ्याला १९२९ पासूनचं ट्रिपल एक्सएक्सएक्स हॉटेल आहे. काउंटरला बसून रूट बिअर प्या, ती नावालाच बिअर, दारू नाही. तिचा वास पहिल्यांदा औषधासारखा वाटतो, पण चव चांगली आहे. शाकाहारी लोकांनी फार अपेक्षा ठेवू नये, ग्रिल्ड चीज सँडविचवर भागवावं. तोवर पुलापलीकडचा रस्ता मोकळा होतो. आमच्या शेजारच्या खुर्चीवर बसलेलं जोडपं भेटलं तेव्हा ते अजून गॅरेजच्या दुसऱ्या मजल्यावर अडकलेल्या मुलाच्या फोनची वाट बघत होतं.

परतताना शिकागोच्या वेळेचा तास परत मिळतो, त्यामुळे दुपारच्या सामन्यानंतर रात्रीच्या जेवणाला घरी पोचता येतं. पेट्रोल लाफायेटमध्येच भरून घ्या, वाऱ्यात मध्ये कुठे उतरायला नको. संध्याकाळी उशिराचा सामना असेल आणि बर्फाचा इशारा असेल तर सरळ मुक्काम करा. आणि पर्ड्यूचा कट्टर प्रतिस्पर्धी, इंडियाना विद्यापीठाचा संघ मॅकीत येणार असेल, तर वर सांगितलेल्या प्रत्येक वेळेत आणखी एक तास धरा. त्या दिवशी नदीपलीकडेही जागा लवकर भरते.